मदत हवी आहे: बहिणीच्या लिव्हरमध्ये गाठ आहे, अ‍ॅडेनोमा. थांबावं की ऑपरेशन करावं?

नमस्कार मंडळी. प्रश्न धाकट्या बहिणीचा आहे. वय ३३, लग्न झालेलं, मूल अजून नाही. पीसीओडीमुळे कॉलेजात असल्यापासून पाळीच्या गोळ्या, मध्ये थोडे खंड सोडले तर चालूच. जेवणानंतर पोट जड वाटायचं म्हणून पित्ताशयात खडे आहेत का ते बघायला सोनोग्राफी केली. खडे नव्हतेच, पण लिव्हरच्या उजव्या भागात ४.३ सेंमीची गाठ निघाली.

मग सीटी झाला. त्यात 'एफएनएच किंवा अ‍ॅडेनोमा' असं मोघम आलं (एफएनएच म्हणजे फोकल नोड्युलर हायपरप्लेसिया, लिव्हरमधली निरुपद्रवी गाठ). एएफपी (लिव्हर कॅन्सरचा संशय तपासायची रक्तचाचणी) नॉर्मल, कावीळ बी आणि सी दोन्ही निगेटिव्ह, एलएफटी म्हणजे लिव्हरच्या कामाची रक्तचाचणी व्यवस्थित. शेवटी लिव्हरचं खास कॉन्ट्रास्ट देऊन एमआरआय केला. शिरेतून औषध सोडतात आणि साधारण वीस मिनिटांनी पुन्हा फोटो काढतात. एफएनएच असेल तर गाठ ते औषध धरून ठेवते आणि उजळ दिसते, अ‍ॅडेनोमा बहुधा काळा पडतो. डॉक्टरांनी स्क्रीनवर दाखवलं, पांढुरक्या लिव्हरमध्ये हिची गाठ काळीकुट्ट. म्हणजे अ‍ॅडेनोमा.

डॉक्टर म्हणाले, साधी गाठ आहे, कॅन्सर नाही. आईने तिथेच हात जोडले. पण पुढच्याच वाक्यात म्हणाले, गोळ्या आजपासून बंद, वजन उतरवा, सहा महिन्यांनी पुन्हा एमआरआय. ५ सेंमीच्या वर गेली किंवा वाढत राहिली तर काढावी लागेल, कारण मोठी झाली की आत रक्तस्राव होऊ शकतो आणि क्वचित कॅन्सरकडेही वळते. पुरुषाला असती तर लहान असतानाच काढा म्हटलं असतं, असंही बोलले. दुसऱ्या सर्जनचं मत घेतलं तर ते म्हणाले, कशाला टांगती तलवार, काढून मोकळे व्हा.

आता कोणाचं ऐकायचं? थांबण्यात धोका किती? आणि मुलाचा विचार यंदा करणार होते, तो पुढे ढकलायचा का? सासरी अजून नीटसं सांगितलेलं नाही. व्हॉट्सअ‍ॅपवर काकूंनी लिव्हरसाठी गुळवेलीचा काढा पाठवलाय, तो विषय वेगळाच.

कोणी यातून गेलं असेल तर प्लीज सांगा.

*

प्रतिसाद १

मी रेडिओलॉजीत काम करते, पण तिचे फोटो पाहिलेले नाहीत, त्यामुळे हे ढोबळ माना.

अ‍ॅडेनोमा सगळे एका जातीचे नसतात. एका प्रकारात गाठीत चरबी भरलेली असते, त्यात कॅन्सरचा धोका फार कमी. दुसरा सूज असलेला, तो लठ्ठपणा आणि फॅटी लिव्हरसोबत जास्त दिसतो. तिसरा बीटा-कॅटेनिन जनुकात बदल झालेला. कॅन्सरची खरी भीती प्रामुख्याने या तिसऱ्याची, आणि पुरुषांत तो जास्त सापडतो म्हणून त्यांची गाठ लहान असली तरी काढतात. तेव्हा रिपोर्टमध्ये चरबीचा उल्लेख आहे का ते आधी बघा.

गोळ्यांशी असलेला संबंध १९७३ पासून माहीत आहे. गोळ्यांतलं इस्ट्रोजेन हे हार्मोन थांबलं की बऱ्याच गाठी आकसतात, म्हणून सहा महिने देतात. ही चालढकल नाही. पाळीचं आता काय करायचं ते स्त्रीरोगतज्ज्ञांना विचारा, गोळी नुसती बंद करून सोडून देऊ नका. गर्भनिरोधक म्हणून कॉपर टी चालते, तिच्यात हार्मोन नसतं.

गरोदरपणात इस्ट्रोजेन वाढतं. तरी गाठ ५ सेंमीपेक्षा लहान असेल तर सरसकट मनाई नसते, मधूनमधून सोनोग्राफी करत राहावी लागते. पण पुढचा एमआरआय होईपर्यंत मी तरी थांबले असते.

काढा नकोच. गुळवेलीने लिव्हरला इजा झालेले मुंबईतले पेशंट २०२१ मध्ये डॉक्टरांनी नोंदवलेत.

*

प्रतिसाद २

माझ्या वहिनीला होता, ६ सेंमीच्या वर. दुर्बिणीतून काढला, आता ठणठणीत आहे. तुमच्या बहिणीचा लहान आहे, घाई नको. फक्त उजव्या बरगडीखाली अचानक जोरात दुखलं, चक्कर आली, घाम फुटला तर ओपीडीची वाट न बघता थेट इमर्जन्सीत न्या आणि लिव्हरमध्ये अ‍ॅडेनोमा आहे हे दारातच सांगा. सासरीही सांगून टाका, रात्रीबेरात्री गाडी तेच काढणार आहेत.

*

धागाकर्ती

दोघांचे मनापासून आभार. रिपोर्ट पुन्हा वाचला, 'गाठीत चरबी आढळत नाही' असं स्पष्ट लिहिलंय. मग उरलेल्या दोनांपैकी कोणता हे कळायला आत्ताच बायॉप्सी करून घ्यावी, की सहा महिन्यांनंतरचं चित्र बघून? सुईने रक्तस्राव होईल अशी तिला भीती वाटतेय. सोमवारी पहिल्या डॉक्टरांकडे जातोय, तिथे आणखी काय विचारू तेही सुचवा. जावयांना आज रात्री फोन करतेय.