डोंगरावर पोट असलेल्या माणसांची पुस्तकं: कुठून सुरुवात करावी, कशी वाचावीत?

पानखूण:
मंडळी, आठ जणांच्या वाचनगटासाठी सहा महिन्यांची यादी ठरवायची आहे, महिन्याला एक पुस्तक. विषय डोंगर आणि त्यावर ज्यांचं पोट आहे ती माणसं. शिखरमोहिमा नकोत. मराठी, इंग्रजी, इंग्रजीत अनुवादित, काहीही चालेल.

अडचणी दोन. डोंगर खरोखर पुस्तकात आहे की नुसता मुखपृष्ठावर, हे विकत घेण्याआधी कसं ओळखायचं? आणि ‘१५,००० फुटांवरचा पास’ वगैरे वाचून होतं, पण चढ काही डोळ्यांपुढे उभा राहत नाही. मग चर्चा पात्रांच्या स्वभावावरच फिरत राहते.

कातळधार:
पहिल्यासाठी सोपा उपाय. मधली दहा पानं चाळा आणि त्यात कामं शोधा. गवत कोण कापतं, ते खाली कसं आणतात, पाणी कुठून येतं, वाट किती दिवस बंद असते. यातलं काहीच सापडलं नाही तर ते पुस्तक तुमच्या यादीत बसणार नाही.

सुरुवात रॉबर्ट झेटालर यांच्या ‘अ होल लाइफ’ने करा (मूळ जर्मन, २०१४). जेमतेम दीडशे पानं. आंद्रेआस एगर नावाचा मजूर, आल्प्समधली एक दरी. रोपवे उभारणाऱ्या कंपनीत तो कामाला लागतो, हिमस्खलनात त्याची बायको जाते, उतारवयात तो पर्यटकांना डोंगर दाखवत हिंडतो. बायको नेणारा आणि भाकरी देणारा उतार एकच. हीच गोष्ट सपाटीवर नेऊन बघा, काहीच उरत नाही.

नॅन शेपर्ड यांचं ‘द लिव्हिंग माउंटन’ घ्याच, पण पहिलं नको. स्कॉटलंडच्या केर्नगॉर्म पर्वतावरचं हे पुस्तक दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरच्या काळात लिहून झालं आणि छापलं गेलं थेट १९७७ साली. बारा छोटी प्रकरणं: पठार, पाणी, हिम, हवा आणि उजेड, वनस्पती, माणूस, झोप असे त्यांचे विषय. गोष्ट अशी नाही, त्यामुळे एका बैठकीत संपवायला गेलात तर चौथ्या प्रकरणानंतर डोळे नुसते ओळींवरून फिरतात. दिवसाला एक प्रकरण पुरे. पाण्याचं प्रकरण गटात मोठ्याने वाचा.

पीटर मॅथिसन यांचं ‘द स्नो लेपर्ड’ (१९७८) चौथ्या महिन्यात. १९७३च्या शरदातली नेपाळमधल्या डोल्पोची वाट, नोंदी तारीखवार. मोहीम इतक्या उशिराच्या ऋतूत का, हे आधी समजून घ्या. सोबतचे प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज शॅलर यांना भरल या रानमेंढ्यांचा माजाचा काळ बघायचा होता आणि तो येतो हिवाळ्याच्या तोंडावर. नेमक्या त्याच दिवसांत खिंडी बर्फाने बंद व्हायला लागतात. पुस्तकातली बरीचशी घाई आणि भारवाहकांशी होणारी ओढाताण या एका कारणातून येते. वाचताना कागदावर चार रकाने आखा: तारीख, ठिकाण, उंची, ओझं कोणाकडे. चौथा रकाना भरताना बरंच काही लक्षात येतं.

कुरण:
वरच्या यादीत एक अभ्यासाचं पुस्तक हवंच: रॉबर्ट नेटिंग यांचं ‘बॅलन्सिंग ऑन अ‍ॅन आल्प’ (१९८१). स्वित्झर्लंडच्या वाले प्रांतातलं ट्योर्बेल गाव, त्याची शेकडो वर्षांची कागदपत्रं. लोकसंख्येचे तक्ते पहिल्या वाचनात खुशाल सोडा. जमीन, पाणी आणि चराईवरचा भाग मात्र नीट वाचा.

त्यात १५१७ सालचा एक नियम आहे: ज्याला जितक्या गायी हिवाळाभर पोसता येतात, त्याने तितक्याच उन्हाळी कुरणावर पाठवायच्या. वरचं कुरण सगळ्या गावाचं, पण गवत कापायचे तुकडे ज्याचे त्याचे. हिवाळ्यात गाय जगते ती साठवलेल्या गवतावर. म्हणजे गायींची संख्या आपोआप स्वतःच्या गवताला बांधली गेली. उन्हाळ्यापुरती बाहेरून जनावरं आणून सामायिक कुरण ओरबाडायची सोय राहिली नाही. सामायिक संपत्तीच्या अभ्यासक एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी १९९०च्या आपल्या पुस्तकात नमुना म्हणून हेच गाव घेतलं. माझ्या मते डोंगरावरच्या जगण्याबद्दल एवढं नेमकं वाक्य कादंबरीतही क्वचित मिळतं.

मात्र ‘आल्प’चा अर्थ इथे शिखर असा घेऊ नका. तिथल्या बोलीत आल्प म्हणजे गावाच्या वरचं उन्हाळी कुरण. शिखर समजून वाचलंत तर पुस्तकाच्या नावापासूनच गोंधळ होईल.

समोच्च:
दुसऱ्या अडचणीवर उत्तर: छेद काढा, म्हणजे डोंगर उभा कापला तर चढ बाजूने कसा दिसेल त्याची आकृती. तासाभराचं काम आहे.

१:५०,०००चा समोच्च रेषांचा (सारख्या उंचीच्या जागा जोडणाऱ्या रेषांचा) नकाशा घ्या, ओपनटोपोमॅप या इंटरनेटवरच्या नकाशाची छापील प्रतही चालेल (प्रत १:५०,०००ची नसेल तर कोपऱ्यातली प्रमाणपट्टी मोजून घ्या). गाव आणि कुरण, किंवा गाव आणि खिंड, यांना जोडणारी रेघ मारा. रेघेवर कागदाची पट्टी ठेवा आणि प्रत्येक समोच्च रेषा जिथे छेदते तिथे खूण करून उंची लिहा. पट्टी आलेखाच्या कागदावर ठेवून त्या त्या उंचीला बिंदू द्या, बिंदू जोडा. झाला चढ.

चूक होते ती उभ्या प्रमाणात. या नकाशावर आडवा १ सेंमी म्हणजे ५०० मीटर. उभा १ सेंमी जर १०० मीटर धरलात, तर चढ पाचपट ताणला जातो आणि साधी गुरांची वाटसुद्धा सरळ कडा दिसते. एकदा तरी दोन्हीकडे सारखंच प्रमाण घेऊन काढा. आकृती चपटी येईल, पण उताराचा खरा कोन तोच.

छेदावर दोन गोष्टी लिहा. दर १००० मीटरला तापमान सरासरी ६.५ अंशांनी उतरतं, म्हणून खालचं पीक कापून झालं तरी वरचं हिरवं असतं आणि माणसं हंगामाबरोबर वर-खाली करत राहतात. दुसरं, वेळ. सपाटीला ताशी ५ किमी आणि चढाच्या दर ६०० मीटरला आणखी १ तास, हा नेस्मिथ या स्कॉटिश गिर्यारोहकाचा जुना ठोकताळा. ओझं, बर्फ, विरळ हवा त्यात धरलेली नाही, तेव्हा हा कमीत कमी वेळ समजा. फूट असतील तर ०.३०४८ने गुणा, १५,००० फूट म्हणजे ४,५७२ मीटर.

पानखूण:
छेदाची कल्पना फार आवडली. पण झेटालरच्या कादंबरीतली दरी नकाशावर सापडत नाहीये. आणि मराठीतलं काय घ्यावं?

समोच्च:
त्या दरीला पुस्तकात खरं नावच नाही, शोधू नका. आल्प्समधली कुठलीही रोपवे असलेली दरी घ्या आणि रोपवेच्या रेघेवर छेद काढा. खांब कुठे रोवावे लागले असतील आणि तिथवर लोखंड कसं चढवलं असेल, ते त्यावरून दिसतं.

कातळधार:
मराठीत गो. नी. दांडेकर. ‘माचीवरला बुधा’मध्ये राजमाचीचा परिसर आहे, माणसं मोजकी, झाडं आणि जनावरं जास्त. ‘जैत रे जैत’मध्ये ठाकरं, लिंगोबाचा डोंगर आणि कड्यावरची मधाची पोळी. १९७७चा चित्रपट बहुतेकांच्या डोक्यात असतो, त्यामुळे गाणी आठवत वाचन भरकटतं. पुस्तक आधी, चित्रपट नंतर.

गोनीदा दुसऱ्या महिन्यात ठेवा, त्याला कारण आहे. माची, सोंड, धार, खिंड, घळ, नाळ, पदर, घसारा हे शब्द तिथे कामाला लागलेले भेटतात. ते समासात उतरवून ठेवा. मग इंग्रजी पुस्तकात ‘रिज’ आला की धार, ‘स्पर’ आला की सोंड, ‘स्क्री’ आला की घसारा, म्हणजे सुट्या दगडांचा उतार. ‘पास’ला खिंड म्हटलं की दोन्ही बाजूंचे चढ आपोआप दिसतात.

सहाव्या महिन्यासाठी तुमच्या अटीला एक अपवाद करा. तेनसिंग नोर्गे यांचं १९५५चं आत्मकथन, जेम्स रॅम्झी उलमन यांनी शब्दांत उतरवलेलं. शिखर त्यात आहेच, पण ओझं वाहणाऱ्याच्या बाजूने. इंग्लंडात ते ‘मॅन ऑफ एव्हरेस्ट’ नावाने निघालं, अमेरिकेत ‘टायगर ऑफ द स्नोज’. पुस्तक एकच, दोन्ही नावांनी शोधा आणि दोनदा विकत घेऊ नका.