मदत हवी आहे: पीट पॉसलथ्वेटवर वीस मिनिटं बोलायचंय, कोणते सीन दाखवू?

नमस्कार मंडळी, आमच्या सोसायटीत महिन्यातून एकदा प्रोजेक्टर लावून सिनेमा बघतो, पंधरावीस टाळकी असतात, निम्मी रिटायर्ड. यावेळी सिनेमाऐवजी कुणीतरी एका नटावर बोलायचं ठरलं, मी उगाच तोंड उघडलं आणि आता गळ्यात पडलंय.

नट ब्रिटिश आहे, पीट पॉसलथ्वेट. नावाने कुणाला कळणार नाही, पण ज्युरासिकच्या दुसऱ्या भागातला (१९९७) टकला शिकारी म्हटलं की लगेच "अरे तो होय!" तिथूनच मला त्याचं वेड लागलं. आख्खा सिनेमा तो टी-रेक्सच्या मागे असतो, शेवटी मिळतो पण, आणि तोवर त्याचा साथीदार अजय मेलेला असतो. मालक नोकरी देऊ करतो तर हा म्हणतो, मृत्यूच्या संगतीत पुरेसा वेळ काढलाय मी, आणि सरळ निघून जातो. डायनोसॉरच्या सिनेमात माणसाचा चेहरा लक्षात राहतो म्हणजे बघा.

माझ्याकडे जमलेली माहिती: जन्म १९४६, वॉरिंग्टन. आधी शिक्षक, मग ब्रिस्टल ओल्ड व्हिक नाट्यशाळेत शिकला, मग लिव्हरपूलचं एव्हरीमन थिएटर, तिथे बिल नाय, जुली वॉल्टर्स, जोनाथन प्राइस ही मंडळी सोबत. सिनेमात नाव व्हायला चाळिशी उलटली. 'इन द नेम ऑफ द फादर'साठी (१९९३) ऑस्कर नॉमिनेशन. २०११ च्या जानेवारीत कॅन्सरने गेला, त्याच्या आदल्याच वर्षी 'इन्सेप्शन'मध्ये अंथरुणाला खिळलेला बाप होता.

आता प्रश्न.
१) तीनच क्लिप दाखवता येतील, कोणत्या?
२) 'ब्रास्ड ऑफ'मधली (१९९६, खाणकामगारांच्या बँडचा सिनेमा, हा त्यांचा बँडमास्तर) इंग्रजी मलाच निम्मी कळली नाही, लोकांना काय सांगू?
३) 'कॅरेक्टर अ‍ॅक्टर'ला मराठीत काय म्हणायचं? चरित्र अभिनेता म्हटलं की आपल्या लोकांना हिरोचा बाप नाहीतर खोकणारा काका आठवतो.

प्रतिसाद १:
मी यॉर्कशायरमध्ये राहतो, सुरुवातीला माझीही हीच अवस्था होती. इथे 'नाउट' म्हणजे काही नाही, 'समट' म्हणजे काहीतरी, आणि 'द' जवळजवळ गिळून टाकतात. एवढं सांगा आणि सबटायटल लावा, झालं. सिनेमातलं गाव काल्पनिक आहे पण मूळ ग्राइमथॉर्प, वाजवलंय तिथल्याच खाणीच्या बँडने. कोळशाच्या खाणी बंद पडतायत हे आधी नीट सांगा, नाहीतर बँडवाला एवढा का चिडतो ते कळत नाही. क्लिप हॉस्पिटलचीच दाखवा: रात्री बँडवाले हेल्मेटचे दिवे लावून बाहेर उभे राहून वाजवतात आणि धुळीने फुप्फुसं गेलेला हा आत पडून ऐकतोय. संवाद नाहीतच, त्यामुळे दुसऱ्या प्रश्नाची कटकटही मिटली.

प्रतिसाद २:
'फादर' सोडू नका, तुरुंगात गेलेल्या बापलेकाच्या खऱ्या प्रकरणावरचा सिनेमा आहे. डॅनियल डे-लुईसचा बाप झालाय आणि वयात फरक फक्त अकरा वर्षांचा, हे क्लिप झाल्यावर सांगा, आधी नको. मात्र बापलेक एकाच कोठडीत होते हे सिनेमाने रचलंय, प्रत्यक्षात तसं नव्हतं, तेही सांगा, रिटायर्ड मंडळी गूगल करतात.
तिसरी क्लिप टीव्हीची घ्या, 'शार्प' (१९९४), इंग्रज सैनिकावरच्या कादंबऱ्यांची मालिका, त्यातला सार्जंट हेक्सविल. मान झटके देत असते आणि टोपी काढून तिच्या आत बघत आईशी बोलतो. इतका घाणेरडा माणूस, आणि दोन वर्षांनी हाच 'ब्रास्ड ऑफ'चा बँडवाला! गंमत म्हणजे मूळ कादंबऱ्यांत हा हेक्सविल आपल्या गाविलगडच्या लढाईतही आहे. तुमच्याकडे कुणी विदर्भातलं असेल तर खूश होईल.
शब्दाचं म्हणाल तर मराठी शब्द शोधत बसू नका, तीन क्लिप पाठोपाठ लावा आणि विचारा, हा एकच माणूस आहे का?

धागाकर्ता:
दोघांनाही धन्यवाद! म्हणजे हेक्सविल, मग फादर, मग हॉस्पिटल. शिकारी कटला याचं वाईट वाटतंय, पण त्याचा फोटो नोटीस बोर्डावर लावतो. आडनावाचा उच्चार काल बायकोसमोर करून बघितला, चौथ्यांदा जमला.