उत्तर: चर्चिल बेटाचं नाव

वर एकांनी ऑस्ट्रेलियातल्या व्हिक्टोरिया राज्यातल्या या बेटाचं नाव विन्स्टन चर्चिलवरून पडलं असं लिहिलंय. तसं नाही हो, ते साहेब जन्मायच्या ७३ वर्षं आधीचं नाव आहे. हा चर्चिल म्हणजे इंग्लंडमधल्या डेव्हनचा जॉन चर्चिल. त्याने 'लेडी नेल्सन' जहाजाचा कप्तान जेम्स ग्रांट याला इंग्लंडहून निघताना बियाणं दिलं होतं. मार्च १८०१ मध्ये वेस्टर्न पोर्टच्या उपसागरात शिरल्यावर ग्रांटने या जेमतेम ५७ हेक्टरच्या बेटावर ते पेरलं. औतं कुठली असणार, जमीन खणली जहाजावरच्या कोळशाच्या फावड्याने! गहू, मका, वाटाणे आणि चक्क भात आणि कॉफीसुद्धा. त्या थंडीत कॉफी, म्हणजे आशावादाची कमालच. पण गहू आला. डिसेंबरात त्याच जहाजाचा पुढचा कप्तान जॉन मरे परतला तेव्हा गहू पुरुषभर उंच होता. तो कापून जहाजावरच्या हंसांच्या पिल्लांना घातला! व्हिक्टोरियातला हा पहिला गहू म्हणतात.

त्यांनी याला 'ओसाड बेट' म्हटलंय, ते मात्र पटलं नाही. इथल्या मूळ रहिवासी बुनुरोंग लोकांचा वावर इथे फार आधीपासूनचा. १८७२ मध्ये मेलबर्नचे माजी महापौर सॅम्युअल अमेस यांनी बेट विकत घेतलं, त्यांचं घर आजही उभं आहे. आता शेजारच्या फिलिप बेटावरून पुलाने थेट जाता येतं.