उत्तर: तडजोड हुकूमनामा आणि नोंदणी

दाव्यात तडजोड होऊन मिळालेल्या हुकूमनाम्याची (कोर्टाच्या अंतिम आदेशाची) नोंदणी करावी लागते का, असा प्रश्न इथे आहे. लागत नाही, असं एकांनी ठामपणे लिहिलंय. ते निम्मंच खरं आहे. नोंदणी कायद्याच्या कलम १७(२) मधली ही सवलत फक्त दाव्यातल्या मिळकतीपुरती आहे. दाव्याबाहेरची स्थावर मिळकत तडजोडीत घातलीत, तर तेवढ्यासाठी नोंदणी लागते. गोंधळ होतो तो इथे, कारण दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २३ नियम ३ दाव्याबाहेरचे विषयही तडजोडीत घेऊ देतो. म्हणजे कोर्ट हुकूमनामा देतं आणि आपण निर्धास्त होतो.

आमच्या वडिलांचा आणि काकांचा वाटपाचा दावा असाच मिटला. वादपत्रात, म्हणजे दाव्याच्या मूळ अर्जात, जमिनीचे तीन गट होते. तडजोडीची पुरसिस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) लिहिताना काका म्हणाले, ओढ्याकाठचा तुकडाही घाला, पुन्हा कटकट नको. वकिलांनी घातला. न्यायाधीशांनी विचारलं, समजून सही केली ना? काकांना कमी ऐकू येतं, त्यांनी आधी माझ्याकडे पाहिलं, मग दोनदा 'हो' म्हणाले. पुढे तीन गटांचे फेरफार (महसूल दप्तरातले नावबदल) झाले, ओढ्याकाठच्या तुकड्याला तलाठ्याने नकार दिला. राग आला, पण चूक आमचीच होती. शेवटी सगळ्यांना गोळा करून दुय्यम निबंधकाकडे तेवढ्याचा वेगळा दस्त नोंदवला, मुद्रांक शुल्क वेगळं. तुमची तडजोड अजून दाखल झाली नसेल, तर आधी वादपत्रात दुरुस्ती करून ती मिळकत दाव्यात आणता येईल का, हे वकिलांना विचारा.