‘कार्यकारणभंग’ की ‘व्युत्क्रम’?

प्रश्न: गणेशोत्सवासाठी आमच्या तालमीत एकांकिकेची तालीम सुरू आहे (कोल्हापूरबाहेरच्यांनी हे वाक्य दोनदा वाचावं) आणि संहिता माझ्या गळ्यात पडलीय. गोष्टीतला शास्त्रज्ञ सिद्धांत मांडतो की काळाच्या एका पट्ट्यात कारण आणि कार्य यांची गाठ सुटते. पंचगंगा राजाराम बंधाऱ्याजवळ ४३ फुटांची धोका पातळी ओलांडते आणि ज्यांच्या पाण्यानं ती चढली, ते राधानगरी धरणाचे स्वयंचलित दरवाजे दुसऱ्या दिवशी उघडतात. सिद्धांत अर्थातच माझ्या मनचा. मी त्याला ‘कार्यकारणभंग’ म्हटलंय, पण एक पोरगं विचारतं, म्हणजे अभंगाच्या उलटं का?

प्रतिसाद: व्रतभंग, शपथभंग, हक्कभंग. या सगळ्यांत नियम जागच्या जागी असतो, कुणीतरी तो मोडतं. ‘विच्छेद’ म्हणाल तर दोन्ही तुकडे कायमचे सुटे. तुमच्याकडे नदीही चढते, दरवाजेही उघडतात, क्रम तेवढा उलटलाय. तेव्हा ‘कार्यकारणव्युत्क्रम’.

प्रतिसाद: काका, ‘व्युत्क्रम’ मागच्या रांगेत कुणाला कळणार? शिंक आली वाटेल.

प्रतिसाद: भावा, आपल्याकडं ‘जाळ अन् धूर संगटच’ म्हणतात की! गंमत बाजूला ठेवली तर त्यात मुद्दा आहे. डोंगरावर धूर दिसला, म्हणजे तिथं आग आहे, हे न्यायशास्त्रातलं घोटून गुळगुळीत झालेलं उदाहरण. आग आधी लागते, पण आपल्याला धूर आधी कळतो. घडण्याचा क्रम एक, कळण्याचा दुसरा. कोल्हापूरकरानं मधलं अंतरच काढून टाकलं.

प्रतिसाद: मला खरी मौज ‘कारण’ या शब्दात वाटते. ‘पीक वाहून गेलं, कारण पूर आला’, इथं कारण मागे आहे. ‘पैसा कारणी लागला’ म्हणतो तेव्हा ते पुढे जाऊन बसतं, तिथं त्याचा अर्थ हेतू. राजकारण, समाजकारण यांतही काहीतरी साधायचं असतं. एकच शब्द दोन्हीकडे तोंड करून उभा. ‘परवा’चं तेच: परवा आलो, परवा येतो. आणि ‘मागे एकदा भेटलो’ हा भूतकाळ, पण ‘तू हो पुढं, मी मागून येतो’ यातलं येणं व्हायचंय अजून. मराठी माणसाला काळ उलटा फिरवायला यंत्र लागत नाही, क्रियापद पुरतं.

प्रतिसाद: थोडं विज्ञान. आइनस्टाइनच्या १९०५च्या विशेष सापेक्षतेनुसार दोन घटनांचा क्रम निरीक्षकागणिक बदलू शकतो, पण एकीकडून दुसरीकडे प्रकाशही वेळेत पोचत नसेल तरच. प्रकाश सेकंदाला सुमारे ३ लाख किलोमीटर जातो आणि तुमच्या गोष्टीत मध्ये अख्खा दिवस आहे; तिथं क्रम कुणालाच उलटा दिसणार नाही. दुसरी वाट आपल्या गावाला जवळची आहे. व्हीलर आणि फाइनमन या भौतिकशास्त्रज्ञांनी १९४५ मध्ये मांडलं, की हलणारा विद्युतभार अर्धी लाट भविष्याकडे आणि अर्धी भूतकाळाकडे पाठवतो. भोवतीच्या विश्वातलं द्रव्य जो प्रतिसाद देतं, त्यानं भूतकाळाकडची लाट पुसली जाते. जयंत नारळीकरांनी (जन्म कोल्हापूर, १९३८) खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉइल यांच्याबरोबर हा विचार प्रसरण पावणाऱ्या विश्वाला लावून पाहिला. तुमच्या शास्त्रज्ञाला एवढंच म्हणू द्या, की या पट्ट्यात ती लाट पुसायची राहून गेली.

प्रतिसाद: मग ही लाट ‘मागे जाणारी’ म्हणायची की ‘आधी पोचणारी’? मी ‘आगाऊ’ म्हणेन. आगाऊ रक्कम देतो तसा आगाऊ परिणाम.

प्रतिसाद: ‘आगाऊ कार्य’ का नको?

प्रतिसाद: अहो, ‘कार्य’ म्हटलं की प्रेक्षक मंगल कार्यालयात पोचले.

प्रश्नकर्ता: ठरलं. शास्त्रज्ञ फळ्यावर ‘कार्यकारणव्युत्क्रम’ लिहील, उच्चारणार नाही. बंधाऱ्यावरचा म्हातारा पट्टीवरचा आकडा वाचेल, मान हलवेल आणि म्हणेल, “पाणी लई आगाव झालंय, सायेब.”