1926चा 'डॉन हुआन': दगडी पाहुणा कुठे गेला? आणि हा मूकपट कसा?

सायली_वाचते: स्पॅनिशच्या वर्गात तिर्सो दे मोलिनाचं 'एल बुर्लादोर दे सेविया' संपलं आणि त्याच रात्री जॉन बॅरीमोरचा 'डॉन हुआन' पाहिला. नाटकात हुआनने मारलेल्या सरदाराचा दगडी पुतळा जेवायला येतो आणि हात धरून त्याला नरकात नेतो. मी शेवटपर्यंत त्या पुतळ्याची वाट बघत होते. आलाच नाही! कथाही सेवियातून उठून रोममध्ये, तिथल्या सत्ताधारी बोर्जिया घराण्याच्या दरबारात. शिवाय संवाद पाट्यांवर, पण तलवारींचा खणखणाट चक्क ऐकू येतो. मग हा मूकपट कसा?

जुना_ऑपरेटर: सायलीताई, पुतळ्याचं जाणकार सांगतील. आवाजाचं मी सांगतो, तीस वर्षं थिएटरच्या प्रोजेक्शन केबिनमध्ये काढलीत. याचं तंत्र व्हायटाफोन. बोलणं नाही, फक्त संगीत आणि काही आवाज, तेही फिल्मवर नाहीत. 16 इंची तबकडी, मिनिटाला 33⅓ फेरे, एका रिळाला एक. सुई आतून बाहेर सरकायची. 6 ऑगस्ट 1926ला न्यूयॉर्कला पहिला खेळ झाला. वादन न्यूयॉर्क फिलहार्मोनिकचं.

आमच्याकडे फिल्म तुटली की दोन फ्रेम कापायच्या, फिल्म-सिमेंटने (म्हणजे फिल्म चिकटवायच्या द्रावाने) जोडायची, पुढे चालू. कुणाला कळायचंही नाही. इथे तसं केलं की पडद्यावरची तलवार आधी आणि खणखणाट मागून! म्हणून जेवढ्या फ्रेम गेल्या तेवढ्याच काळ्या फ्रेम मोजून जोडाव्या लागत. जिन्यावरचं द्वंद्व लागलं की मला हुआन दिसत नाही, केबिनमधला माझा तो भाऊबंद दिसतो.

मेघदूत७: शेवटाबद्दल. होसे थोरियाच्या डॉन हुआनवरच्याच 1844च्या नाटकात पुतळा येतो, पण दोन्या इनेसचं प्रेम हुआनला नरकातून वाचवतं. सिनेमाची नायिका आद्रियाना मला तिच्याच घरातली वाटते. तिर्सोची शिक्षा शोधलीत तर निराशाच होणार.

सायली_वाचते: हे पटलं. तरी पुतळ्याविना हुआन मला अपुराच वाटतो. हिशेब मागायला कुणी यायलाच हवं.

जुना_ऑपरेटर: मग सुरुवात परत बघा. हुआनचा बाप (तोही बॅरीमोरच) बायकोच्या प्रियकराला भिंतीत जिवंत चिणतो आणि पोराला बाईवर भरवसा ठेवू नकोस म्हणून शिकवतो. तुमचा दगड तिथे आहे, ताई. फक्त तो पहिल्याच रिळात येऊन गेला.