इनामगावचा पाट कोणी काढला, मुखियाने की गावाने?

शिरूर तालुक्यात घोड नदीकाठी इनामगाव आहे, डेक्कन कॉलेजने 1968 ते 1983 उत्खनन केलं ते. जोर्वे काळात, म्हणजे तांब्या-दगडाची हत्यारं वापरणाऱ्या शेतकऱ्यांच्या काळात, तिथे बांध घालून पाट काढला होता, साधारण तीन हजार वर्षांपूर्वी. एवढं काम एका माणसाच्या हुकमाने झालं असेल का?

घोडकाठ: मला तर मुखिया होता असंच वाटतं. पाच खोल्यांचं घर सापडलं, शेजारी धान्यकोठार, आणि अंगणात चार पायांचा मोठा रांजण, त्यात मांडी घालून बसवून पुरलेला माणूस. बाकी मोठ्या माणसांचे पाय घोट्यातून तोडून पुरायचे पण याचे शाबूत होते, मग साधा माणूस कसा म्हणायचा? तिथलं उत्खनन करणाऱ्या ढवळीकर सरांनीही कोठाराचा संबंध कराशी लावलाय.

मातीखालचं: अहो पण मान होता म्हणून हुकूम त्याचाच होता असं कसं म्हणता? पाट एकदा खणून भागत नाही, दर पावसाळ्यानंतर गाळ काढायचा, पाण्याची पाळी लावायची, भांडणं मिटवायची, माणूस मेला तरी हे चालूच राहिलं पाहिजे, आमच्याकडे अजून पाळीवरून रात्री टॉर्च घेऊन बसावं लागतं म्हणून सांगतो. रीत गावाची असणार.

घोडकाठ: पाळीचं पटलं. पण कोठार त्याच्याच दाराशी का मग? धान्य वाटायचा अधिकार कोणाकडे तरी होताच ना!